लुबेगा मागे वळतो

रस्त्यातल्या उंचवट्यावर चाक उसळलं, आणि भाड्याच्या मोटारसायकलवाल्यानं गाडी गर्रकन उलटी फिरवली. मांडीवरची टोमॅटोची टोपली नांतेझानं घट्ट धरली. लुटायला नेतोय की काय मेला!

"अहो, बाजार तिकडे!"

"कोणाला धडकलो का, तेवढं बघतो, ताई..."

कंपालाच्या त्या गल्लीत होती फक्त एक कोंबडी. तीही ठणठणीत.

"विचारा तिला," नांतेझा म्हणाली.

तो लाजून हसला — आणि पुढच्या उंचवट्यावर पुन्हा मागे!

माल डागी आहे, हे बाजारात मुरलेल्या नांतेझानं तेव्हाच ताडलं. तरी रोज ती लुबेगाचीच गाडी शोधू लागली. "कोणी नव्हतं ना?" तो विचारायचा. "नव्हतं रे," ती सांगायची. त्याचा चेहरा उजळायचा... पुढच्या वळणापुरता.

"डॉक्टर याला मंत्रचळ म्हणतात," एकदा तो म्हणाला. "काही झालेलं नाही, हे मला कळतं. कळून भागत नाही. मागे जायचं नाही, कोणाला विचारायचंही नाही, म्हणतात."

नांतेझा हबकली. "म्हणजे औषध म्हणून मी विषच पाजत होते की!"

दोघांनी लग्न ठरवलं. पण तिथल्या रिवाजाप्रमाणे मुलगी मागायची तर आधी तिच्या आत्याला भेटायचं. गेल्या रविवारी आत्या दुपारभर वाट पाहत बसली. लुबेगा रस्त्यातच मागेपुढे करत राहिला. "हा पोचेपर्यंत तू म्हातारी होशील," आत्या कडाडली. "येत्या रविवारी आला नाही, तर तुला मागणी घालणाऱ्या त्या मास्तरला होकार कळवते!"

म्हणून आज नांतेझा स्वतः मागे बसली होती. उंचवटा आला. गाडी थांबली.

"कोणी होतं का गं?"

"माहीत नाही."

तो पांढराफटक पडला. "म्हणजे... असेल?"

"असेलही." ती मागे न बघता म्हणाली.

"दुष्ट आहेस तू!"

"आहेच. आणि तुझी आहे... आता कुठे जायचं ते तू ठरव."

त्यानं हँडल मागे वळवलं, पुन्हा सरळ केलं. मग गाडी हलली — पुढे!

आत्या दारातच उभी होती. तिनं डोळे विस्फारले. "अगं बाई! हा रडतोय का?"

"आनंदानं हो, आत्या," नांतेझा घाईनं म्हणाली.

"नाही, आत्या," लुबेगा डोळे पुसत म्हणाला. "भीतीनं. पण आलोय."