दोन्हीकडचा ताळा

सोमवारी बागेतलं कारंजं अचानक उसळलं आणि बाकावर बसलेल्या गणिताच्या बाईंच्या मांडीवरचे चाळीस पेपर भिजले. बाईंनी अशी काही नजर टाकली की कारंजं बसवणारा तरुण हातातल्या पान्यासकट जागीच थिजला.

"चुकलं माझं… पण गणित शिकवता ना? मग एवढं बघाल?"

त्यानं कागद पुढं केला. पाण्याची कमान, y = 4x – x². नळीशेजारी दोन फूट उंचीवर दिवा; त्याचा तिरपा झोत, y = x + 2. झोत पाण्याला कुठं लागेल?

बाईंचा राग गणितापुढं टिकत नसे. "दोन्ही y सारखे, म्हणून x + 2 = 4x – x². एका बाजूला घ्या. x² – 3x + 2 = 0. पाडा अवयव."

"x एक… नाहीतर दोन." तो खूश होऊन उठलाच.

"बसा. उंची कोण काढणार? एकला तीन फूट, दोनला चार. आणि ताळा दोन्ही समीकरणांत करायचा. एकात बसलं म्हणून भागत नाही."

मग तो रोज नवा आकडा आणू लागला आणि रोज उंची विसरू लागला. बाईही पेपरांचा गठ्ठा घेऊन रोज त्याच बाकावर. ओरडताना त्यांना हसू आवरत नसे.

शुक्रवारी तो हळूच म्हणाला, "काम संपलं. उद्या दुसऱ्या गावी." आणि कागद दिला. y = x + 3.

बाईंनी सोडवलं. वर्गमुळाखाली उणे तीन. त्यांना उगाच भरून आलं. "हे कुठंच भेटत नाहीत… दिवा का हलवलात?"

"नाही हलवला. मंगळवारपासून तिथंच आहे. आकडे मीच बदलायचो. तुम्ही थोडं बसावं म्हणून…"

बाईंनी विचारलं, "ताळा केलात?"

"माझ्या बाजूनं केला. बसतो. तुमच्या बाजूचं मला कसं कळणार?"

बाईंनी गठ्ठा त्याच्या हातात दिला. त्यानं चाळला. चाळीसही पेपर तपासलेले होते, सहीखाली तारीख सोमवारची.

बाईंनी कागदावरचा तीन खोडला, दोन लिहिला.

"रविवारी या," त्या म्हणाल्या. "आणि उंची काढून आणा."