विंटर्स फोर्डला दिवसा कुणी नसतं

आधीच सांगते, मी पूर्वी अशी नव्हते. वर्गात कुणी नुसतं माझं नाव घेतलं तरी टेबलाखाली माझा पाय शिवणयंत्रासारखा हलायला लागायचा. घरीसुद्धा तेच. आई जेवताना म्हणायची, "ऋग्वेदा, पाय!" मी तो थांबवायचे आणि दुसरा सुरू व्हायचा. तीच मी गेल्या महिन्यात गावच्या हॉलमध्ये उभी राहून, हातात चिठोरंही न घेता, अख्ख्या गावाला त्याचाच इतिहास सांगून आले! त्यामुळे हे सगळंही मी नीट, क्रमाने सांगू शकते.

विंटर्स फोर्ड म्हणजे वेलिंग्टनजवळच्या अप्पर हट शहराच्या पुढची टेकडी ओलांडली की खाली दिसणारी एका रस्त्याची वस्ती. रस्त्याच्या एका टोकाला पत्र्याचं लाल छप्पर असलेला हॉल, दुसऱ्या टोकाला ओढ्यावरचा एकपदरी पूल, मध्ये घरं, घोडे आणि मेंढ्या. दुकान नाही. साधी डेअरीसुद्धा नाही. दूध संपलं की टेकडी ओलांडा. आम्ही त्याआधी ऑकलंडला सँडरिंगहॅममध्ये राहायचो, तिथे खिडकीखाली जिलबी तळत असायचे. इथे आलो त्या दिवशी मी गाडीतून उतरले आणि त्या शांततेत मला माझ्याच कानांतला आवाज ऐकू आला.

गावाचा इतिहास साधा आहे. आधी लाकडाची गिरणी होती. मग रेल्वे आली आणि सकाळच्या गाडीने माणसं वेलिंग्टनच्या ऑफिसांत जायला लागली. पुढे डोंगरातून बोगदा झाला, रूळ दुसरीकडून गेले, स्टेशन बंद पडलं. पण जायची सवय राहिली. आता सगळे मोटारीने अप्पर हटला जातात आणि तिथून ट्रेन पकडतात. सकाळी गाड्यांची रांग टेकडी चढते, संध्याकाळी उतरते. मधल्या वेळात गावात कुणी नसतं.

कुणी म्हणजे कुणीच नाही. हे माझ्या लक्षात यायला बरेच दिवस गेले. शेजारची बेरिल आजी ऐंशीच्या पुढची आहे. (इथे सगळ्यांना नावानेच हाक मारतात, पण आईने मला तसं करू दिलं नाही. बेरिललाही ते 'आजी' फार आवडतं.) तिला नोकरी नाही की काही नाही. तरी ती रोज सकाळी आपली छोटी लाल गाडी काढून अप्पर हटच्या लायब्ररीत जाऊन बसते. थंडी असो, गुडघा दुखो.

"रोज कशाला जातेस गं?" मी एकदा विचारलं.

"घरात आपली अडचण नको व्हायला."

"कुणाला?"

तिने माझ्या हातात पेरूसारख्या फिजोआंची पिशवी दिली. "मऊ झालेले आधी खा."

आम्ही राहायला आलो तेव्हा तिनेच सांगितलं होतं, निघताना किटली भरून ठेवा, एक कप बाहेर काढून ठेवा आणि मागचं दार नुसतं ओढून घ्या. बाबाला हे फारच विनोदी वाटलं. आमचा देवव्रत बाबा कोथरूडचा. कुलूप लावतो, ते ओढून बघतो, गाडीत बसतो, पुन्हा उतरतो, पुन्हा ओढतो. "किटली भरून ठेवा, म्हणजे चोरांची सोय!" म्हणाला, आणि त्याच शनिवारी मागच्या काचेच्या दाराला नवीन कुलूप बसवून मोकळा झाला.

त्या सोमवारी आम्ही घरी आलो तर कुलूप जसंच्या तसं. आत मात्र पायपुसणं दाराशी चुरगळून गोळा झालेलं. कुणीतरी आतल्या बाजूला उभं राहून बराच वेळ पाय घासावेत तसं.

"वारा," बाबा म्हणाला.

बंद घरात?

पण मला तेव्हा विचार करायला वेळ नव्हता. मी गाडी शिकत होते. बाबा शेजारी बसायचा आणि मी अप्पर हटपर्यंत चालवायचे. तिथून तो ट्रेनने वेलिंग्टनला, मी चालत शाळेत. आईचं औषधांचं दुकान अप्पर हटमध्येच, पण ती तिच्या गाडीने आमच्या आधी निघायची. निघण्यापूर्वी ती ओट्यावर दोन पेले ठेवायची, बाबाचा दोन चमचे साखरेचा चहा आणि माझा चॉकलेटचा मायलो. टेकडीवर बाबा सीट घट्ट धरून बसायचा. "मॅडम, मेंढ्यांनाही जगायचंय," म्हणायचा. तो दिवसातला माझा सगळ्यात आवडता वेळ होता.

मग मे महिन्यात एका मंगळवारी बाबाला ताप आला. त्या सकाळी आई मला सोडणार होती. बेरिल आजीची गाडी आमच्या फाटकाशी थांबली.

"देव कुठाय?"

"फ्लू झालाय. आज घरीच."

ती गाडीतून उतरली. गुडघा धरून, पण भराभर. "घरी नको. माझ्या गाडीत मागे झोपू दे त्याला. उशी असते माझ्याकडे."

मागच्या सीटवर खरंच उशी होती. घोंगडीही होती.

"अगं, सांग तिला, मला फ्लू झालाय, प्लेग नाही!" बाबा आतून ओरडला. आईला हसू आलं. बेरिल आजी हसली नाही. ती आमच्या दाराकडे बघत राहिली आणि मग टेकडी चढणाऱ्या सगळ्या गाड्यांच्या मागून, शेवटची, निघून गेली.

संध्याकाळी आम्ही आलो तर बाबा ठणठणीत! गवत कापलेलं, फाटकाला तेल दिलेलं, आणि रस्त्यावरून येणाऱ्या प्रत्येक गाडीला हात करत, माणसांना नावाने हाक मारत उभा. त्याला ती नावं कधीपासून माहीत होती?

दुसऱ्या दिवशी तो घरातून निघाला तो थेट गाडीत येऊन बसला.

"बाबा, कुलूप?"

"लागलं असेल गं."

मीच उतरून लावलं, आणि दोनदा ओढून बघितलं. ओट्यावरचा त्याचा चहा तसाच होता. "साखर नको वाटते आता," म्हणाला. टेकडीवर त्याने सीट धरली नाही. मेंढ्यांबद्दलही काही बोलला नाही. छान हसत बसला होता.

आणि त्या संध्याकाळी आमच्या दाराशी खाणं ठेवलेलं होतं. फिजोआचा केक, मफिन्स, झाकलेलं एक भांडं. चिठ्ठी नाही, काही नाही.

"किती प्रेमळ लोक आहेत!" बाबा म्हणाला.

आईने माझ्याकडे पाहिलं. मार्चमध्ये समोरचे म्हातारे वारले, तेव्हा त्यांच्या दाराशी अशीच भांडी ओळीने ठेवलेली आम्ही दोघींनी पाहिली होती.

"तापासाठी एवढं?" आई हळूच म्हणाली.

त्यानंतर माझा पाय रात्रंदिवस हलायला लागला. बाबाचं काही चुकत नव्हतं. चिडायचा नाही, विसरायचा नाही, गाणीसुद्धा गुणगुणायचा. मला फक्त कुणीतरी टेकडीवर सीट धरून बसलेलं हवं होतं. ते आईला सांगणार कसं?

पुढच्याच आठवड्यात मी ड्रायव्हिंगच्या परीक्षेत पास झाले! रिस्ट्रिक्टेड लायसन्स! म्हणजे दिवसा एकटीने गाडी चालवायची मुभा. त्याच सुमाराला हॉलमधलं माझं भाषण ठरलं होतं. त्यासाठी मी गावाचा मोठा नकाशा काढला होता आणि तो शाळेत दाखवायचा त्या दिवशी घरीच विसरले. दुपारचे तास मोकळे होते. स्टेशनकडे जाताना लायब्ररीच्या काचेतून बेरिल आजी दिसली, वर्तमानपत्र मांडीवर घेऊन पेंगत होती. मी हात केला. मग गाडी काढली. पहिल्यांदा एकटी. खिडकी खाली करून मी टेकडीभर ओरडत गेले.

पुलाशी आले आणि वेग आपोआप कमी झाला.

धुराड्यांतून धूर निघत होता. सगळ्याच.

दोऱ्यांवर ओले कपडे होते. कुठेतरी किटलीची शिट्टी वाजून थांबली. रस्त्यावर एकही गाडी नव्हती.

बेरिल आजीच्या स्वयंपाकघराच्या खिडकीत बेरिल आजी बशी पुसत होती. तिने वर पाहिलं नाही.

मी आमच्या घराच्या मागच्या बाजूला गेले.

काचेच्या दाराशी बाबा उभा होता. तपकिरी शाल अंगावर, दाढी वाढलेली, गालफडं बसलेली. त्या मंगळवारपासून झोपला नसावा असा. त्याचा एक हात आतून कुलपावर होता. तो ओढून बघत होता.

मला बघून त्याचे ओठ हलले. ऐकू काहीच आलं नाही.

मी किल्ली काढली. दार उघडलं. पायपुसणं चुरगळलेलं. आत कुणी नाही. खोल्या बघितल्या, कपाटं बघितली. बाहेर आले, दार ओढलं. काचेमागे बाबा. पुन्हा आत. कुणी नाही.

बाहेर. काचेवर त्याचा श्वास उमटला होता. आतल्या बाजूने.

फोन वाजला. बाबा. मागे वेलिंग्टनचं ऑफिस ऐकू येत होतं.

"आलीच आहेस घरी, तर बस की जरा."

"तुला कसं कळलं?"

"चहा टाक. बस गं."

मी फोन बंद केला. बेरिल आजी काय म्हणाली असती ते मला ठाऊक होतं. गाडीत बस आणि टेकडी चढ. किल्ली हातातच होती.

पण तो आत होता, एकटा, तापलेला.

मी आत गेले आणि दार लावून घेतलं. चहा केला, दोन चमचे साखर घातली. जिथे तो असायला हवा त्याच्या समोर खुर्ची ओढली. "बाबा, मी आहे," म्हटलं. "मी इथेच बसते."

पाय हलत होता.

बराच वेळ हलत होता.

मग थांबला.

संध्याकाळी मी बाबाला आणायला स्टेशनवर गेले. टेकडीवर आम्ही दोघं मोठमोठ्याने गाणी म्हणत आलो. आदल्या रात्रीपर्यंत मी एवढी कशाला रडत होते, आता आठवूनही नवल वाटतं. आणि भाषण! गिरणी, रेल्वे, बोगदा, सगळं न अडखळता. हॉलभर टाळ्या पडल्या, फक्त माझ्याकडे कुणी बघत नव्हतं. बेरिल आजी टाळ्यासुद्धा वाजवत नव्हती. ती आईचा हात हातात घेऊन बसली होती.

काल जेवताना आई टेबलाखाली बघत राहिली. मग अगदी हळू म्हणाली, "ऋग्वेदा, पाय."

मी हसले. पाय हलत नव्हता.

आज सकाळी दार उघडलं तर पायरीवर भांड्यांची रांग. फिजोआचा हंगाम संपला, म्हणून या वेळी केळ्यांचे केक. आईने एकालाही हात लावला नाही. ती आधी निघून गेली नाही, आमच्यासाठी थांबली. तिने किटली भरली. मागच्या दाराचं कुलूप उघडून किल्ली पर्समध्ये टाकली आणि दार नुसतं ओढून घेतलं. ओट्यावर रोजच्यासारखे दोन पेले होते. तिने त्यांवर झाकण्या ठेवल्या आणि ते मागच्या दाराजवळच्या टेबलावर नेऊन ठेवले. एकात दोन चमचे साखरेचा चहा, दुसऱ्यात मायलो.

मी आता मायलो पीत नाही.