हाफ कोयता

"ही हाफ का फुल?" कंडक्टरनं माझ्याकडं बोट दाखवून विचारलं.

"हाफ," माय म्हणाली.

मी अठरा वर्षांची होते. बारावी झाले होते. पण अंगानं काडी अन् उंचीनं खुंटलेली. शिवाय माझ्या मायचा, छबुबाईचा, पक्का समज असा की एसटीला फसवलं तर पाप लागत नाही.

"मावशे, हाफ बारा वर्षांच्या आतल्याला असतंय. हिचं उद्या लगीन होईल."

"मंग उद्या फुल फाडा की. आज हाफ द्या."

अख्खी गाडी हसली. मी तोंड फिरवून खिडकीबाहेर बघत बसले. बाहेर बघण्यासारखं काय होतं? दोन हजार तेराचा उन्हाळा. बीडपासून मांजरसुंब्यापर्यंत सगळी बोडकी माळरानं, अन् मधूनच एखादा कोरडा तलाव.

मागच्या सीटवरून आवाज आला, "मास्तर, मला बी हाफच द्या मंग."

"तुला कावून बे? मिशा फुटल्यात तुला."

"मुकादमाला इचारा. तो मला हाफच म्हनतो."

आता गाडीतले अर्धे लोक हसले आणि अर्धे गप्प झाले. गप्प झाले ते ऊसतोडीला जाणारे होते. त्यांना कळलं होतं. बाहेरच्या माणसाला सांगावं लागेल — आमच्याकडं नवरा-बायको मिळून एक कोयता. नवरा ऊस तोडणार, बायको मोळी बांधणार अन् डोक्यावर घेऊन ट्रक भरणार. बिनलग्नाचा गडी म्हणजे हाफ कोयता. तो कितीही राबो, हाफच. त्याला फुल करायला बायको लागते.

मी वळून बघितलं. हाफ शर्ट, उन्हानं करपलेलं तोंड, आणि डोळे… डोळे मात्र असे, जणू त्या माणसाच्या घरी पाऊस पडत असावा.

"काय बघतीस, हाफ तिकीट?" तो म्हणाला.

"बघते, कुठून हाफ हाईस ते," मी म्हणाले. "डोक्यातून दिसतंय."

माझ्या पाठीत मायचा धपाटा बसला. तो मात्र लिंबागणेश येईपर्यंत हसत होता.

*

लिंबागणेशच्या पुढं चारा छावणी होती. बाप, रामकिसन त्याचं नाव, आदल्या दिवशीच जनावरं घेऊन पायी तिथं पोचला होता. शेडनेटच्या सावलीत हजारभर जनावरं, त्यांच्यामध्येच माणसांच्या चुली. सगळीकडं शेणाचा आणि चघळलेल्या उसाचा वास. अन् आमच्या दावणीला लागूनच कोणाची दावण असावी? त्याचीच. नाव मुंजाजी. दोन बैल आणि म्हातारी आई, रतनबाई.

छावणी सहकारी सोसायटीची. चेअरमन सुंदरराव. कडक इस्त्रीचं हाफ जाकीट घालून सकाळी एक चक्कर मारायचे, फोटो काढून घ्यायचे आणि जायचे. त्यांचा नियम होता — मोठ्या जनावराला फुल चारा, लहानाला हाफ. आमची कालवड गाभण राहण्याजोगी झाली होती, तरी ती हाफमध्ये धरली.

मी सुंदररावांसमोर उभी राहिले. "हिला हाफ कावून? फुलाएवढं खाती ती."

"पोरी, नियम हाय."

"नियम कालवडीला सांगा. तिला मराठी कळत न्हाई, पन भूक कळती."

चेअरमन हसले. मोठी माणसं अशी हसली की समजायचं, काही मिळणार नाही. सहकार, सहकार! खोटं बोलायचं तर किती गोड शब्द आहे. कारखाना सहकारी, सोसायटी सहकारी, दूधसंघ सहकारी… आणि आमच्या वाट्याला येताना सगळं हाफ होऊन येतं.

मी रागानं पाय आपटत दावणीला आले. बघते तर कालवडीपुढं ऊस पडलेला. मुंजाजी तिकडं तोंड करून बैलाच्या पाठीवरून हात फिरवत होता.

"तुमचा बैल उपाशी राहील," मी म्हणाले.

"त्याला इचारलं म्या. तो म्हनला, शेजारधर्म हाय."

"बैल बोलतो तुमचा?"

"लई बोलतो. तुझ्याबद्दल इचारत हुता."

"काय?"

"म्हनला — ही भांडती तवा लई चांगली दिसती."

 त्या दिवसापासून मी जरा जास्तच भांडायला लागले…

पाण्याचा टँकर दुपारी यायचा. एकदा गर्दीत टँकरचा पाईप निसटला. पाणी उंच उडालं. बाया ओरडत भांडी घेऊन धावल्या. मी मात्र कळशी हातात धरून तशीच उभी राहिले. थंडगार पाणी डोक्यावरून, मानेवरून, पाठीवरून… पाईप धरायला आलेला मुंजाजीही माझ्याकडं बघत नुसता उभा. त्या वर्षीचा माझ्या वाट्याचा पाऊस तेवढाच.

"कशी दिसतीस म्हाईत हाय?" तो म्हणाला.

"कशी?"

"पेरनी झाल्यावानी."

अजून कोणी मला त्याहून चांगलं काही म्हटलेलं नाही. पुढं म्हणेल असंही वाटत नाही.

*

मांजरसुंब्याला पेंड आणायला जायचं निमित्त असायचं. बाप पेंडीच्या दुकानात घासाघीस करत बसला की आम्ही धाब्यावर चहा प्यायचो. मुंजाजी ओरडायचा, "एक हाफ!" धाब्यावर हाफ म्हणजे अर्धा कप चहा. तो त्यातला अर्धा बशीत ओतायचा. कप मला, बशी त्याला.

"हाफातला हाफ म्हंजी किती झालं, बारावी?" तो विचारायचा.

"चिमनीचा घोट."

"मंग पोट कशानं भरतं माझं?"

मी कपात बघायची.  असल्या प्रश्नांचं उत्तर विचारणाऱ्यालाच नको असतं.

एकदा तो म्हणाला, "हे हाफ-फुल इंग्रजीतलं हाय ना?"

"व्हय. आमच्या शाळंतही होतं. हाफ डे, हाफ इयरली. हाफ इयरलीचा पेपर झाला की ऊसतोडीला टोळ्या निघायच्या, अन् आमचा वर्गच हाफ व्हायचा. मी मामीकडं राहायची म्हनून टिकले."

"मी त्या निघालेल्यातला," तो म्हणाला. "सातवी हाफ."

पहिल्यांदाच तो बोलला आणि हसला नाही. मी टेबलावरच्या त्याच्या हातावर हात ठेवला. उसाच्या पाल्यानं कापलेला, खरखरीत हात. त्यानं तो काढून घेतला नाही… चहा गार झाला.

*

छावणी मोडायच्या बेतात आली तेव्हा रतनबाई मुंजाजीला घेऊन मागणी घालायला आमच्या दावणीला आली. तिची कंबर गेली होती. आजवर ती आणि मुंजाजी, माय-लेक मिळून एक कोयता धरत होते, तरी मुकादम त्याला हाफच म्हणायचा. आता ती वाकू शकत नव्हती. सोयरपण जुळत होतं, कोणाला नाव ठेवायला जागा नव्हती. बापही मान हलवायला लागला होता.

मायनं विळी बाजूला सारली. मुंजाजीकडं बघून म्हणाली, "एकच सांग. तुला बायको पायजे का कोयता?"

तो खोटं बोलू शकला असता. पोरं बोलतात. कोणाला कळणार होतं?

"दोन्ही," तो म्हणाला. "बायकू न्हाई तर कोयता न्हाई. कोयता न्हाई तर बायकूला खायाला काय घालू?"

"मंग ऐक. मी बत्तीस वर्साची असताना माझी पिशवी काढली. आजार साधा हुता, गोळीनं गेला असता. पन सीझनात पाळी आली की बाई बसती, बाई बसली की मुकादम बोंबलतो. डॉक्टरनं सांगितलं काढा, मुकादमानं सांगितलं काढा… काढली. तवापासून मी बाई बी न्हाई अन् म्हातारी बी न्हाई. मधीच कायतरी हाफ हाय. माझ्या पोरीला बीडला नर्सिंगला नंबर लागलाय. तिच्या हातात मी कोयता देनार न्हाई. तू सोन्याचा असलास तरी."

रतनबाई रडायला लागली. तिचीही पिशवी कधीच गेली होती, हे मला तिच्या रडण्यावरून कळलं.

मी उठून मुंजाजीमागं गेले. तो बैलांना पाणी दाखवत होता, आणि बैल पीत नव्हते.

"मी येते," मी म्हणाले. "नर्सिंग गेलं खड्ड्यात. मोळी बांधता येती मला."

"न्हाई."

"कावून न्हाई?"

"तू शिक. मी दोन सीझन हाफच जातो. बंकट मुकादमाच्या पाया पडतो. तुझं शिकून झालं की येतो… फुल तिकीट काढून."

त्यानं कालवडीच्या गळ्यातली घागरमाळ सारखी केली. मला हात लावायचं धाडस झालं नाही म्हणून कालवडीला लावला. मला तो हात माझ्या मानेवर जाणवला. खरंच जाणवला.

*

दसऱ्याच्या आधी तो बीडला होस्टेलच्या फाटकाशी आला. हातात टोपी होती. ती उगाच चुरगळत होता. मी धावतच गेले, अन् चार पावलांवर थांबले. बातमी त्याच्या खांद्यांवरच बसली होती.

"लगीन करतोय," तो म्हणाला.

"…कोणाशी?"

"सिरसाळ्याकडली हाय. जानकी. बंकट म्हनला, हाफ कोयत्याला ट्रकात जागा न्हाई. सगळ्यांनाच जोडी पायजे. आई घरात पडून. मी… मला दुसरं काय सुचलं न्हाई."

"कशी हाय ती?"

"म्या बघितली न्हाई. हात चालतो म्हनत्यात."

मला वाटलं, त्याच्या थोबाडीत मारावी. "मंग मी कावून न्हाई? मी येते म्हनले हुते ना!"

"तुला मोळी उचलताना बघून रोज लाज वाटली असती मला."

"अन् तिला बघून न्हाई वाटनार?"

त्यानं चुरगळलेली टोपी डोक्यावर घातली, पुन्हा काढली.    मी वाचले, याचा अर्थ एवढाच होता की माझ्या जागी दुसऱ्या कोणाच्या तरी पोरीला उभं केलं होतं. याला लोक नशीब म्हणतात. मी म्हणत नाही. हा धंदा आहे, अन् तो चालवणाऱ्यांची नावं गावोगाव फलकावर लागलेली असतात.

"जा," मी म्हणाले. "तिला ऊन लागू देऊ नको."

तो गेला. वळून बघितलं नाही. बघितलं असतं तर मी गेले असते… त्यालाही ते ठाऊक होतं.

*

सहा वर्षं झाली. पुन्हा दुष्काळ, पुन्हा छावण्या. मी त्याच भागातल्या सरकारी दवाखान्यात नर्स होते. एका सकाळी बाकावर एक बारीक बाई बसलेली, मांडीवर पोरगी. मागं भिंतीला टेकून मुंजाजी उभा. हाफ शर्टच. कानाशी केस पिकलेले.

आम्ही ओळख दाखवली नाही. लपवलीही नाही.

"काय होतंय ताई?" मी जानकीला विचारलं.

"अंगावरनं जातंय सिस्टर. पोटात दुखतंय. खाजगी डॉक्टर म्हनला, पिशवी काढून टाका, कटकट मिटंल. मुकादम बी तेच म्हनतो."

"वय काय तुझं?"

"बावीस-तेवीस आसंल."

मी तिला लगेच आत नेलं. आमच्या डॉक्टर मॅडमनी तपासलं. जंतुसंसर्ग होता. गोळ्या, स्वच्छ पाणी आणि विश्रांती. बस. माझ्या मायला एवढंच हवं होतं.

मी मुंजाजीला बाहेर लिंबाखाली बोलावलं. इतक्या वर्षांनी आम्ही पहिल्यांदा समोरासमोर उभे होतो, आणि मला त्याच्याशी बोलायचं होतं ते दुसऱ्या बाईच्या गर्भाशयाबद्दल. प्रेमाचं असंही होतं.

"पिशवी काढायची न्हाई. गोळ्यांनी बरी होईल. पन ह्या सीझनला ती वाकनार न्हाई, मोळी उचलनार न्हाई."

"सीझन तोंडावर आलाय, शिवकन्या."

माझं नाव त्याच्या तोंडून मी प्रथमच ऐकलं. एरवी मी हाफ तिकीटच होते.

"मंग हाफ जा," मी म्हणाले.

तो पायाच्या अंगठ्यानं माती उकरत राहिला.  आतून पोरीचा रडण्याचा आवाज आला आणि जानकीचं तिला समजावणं. त्यानं त्या दिशेला मान वळवली. तशी नजर मी पूर्वी बघितली होती. टँकरपाशी.

"जातो," तो म्हणाला.

आणि खरंच गेला. बंकटनं शिव्या घातल्या, टोळीतून काढायची धमकी दिली. मुंजाजी हटला नाही. गावोगाव फिरून त्यानं शहादेव नावाचा एक बायको मेलेला गडी शोधला. दोन हाफ मिळून एक कोयता झाला. तोडणार तेच अन् मोळ्याही तेच बांधणार. शोधला असता तर तसा गडी तेव्हाही सापडला असता, हे त्यालाही कळलं असेल, मलाही कळलं. जे माझ्यासाठी त्याला जमलं नव्हतं, ते त्यानं तिच्यासाठी केलं. मला वाईट वाटायला हवं होतं. वाटलंही. पण त्या वाईट वाटण्याच्या पोटात एक गोड काहीतरी होतं, ते मी अजून कोणाला सांगितलेलं नाही.

टोळी निघाली त्या दिवशी मी मांजरसुंब्याला एसटीची वाट बघत होते. धाब्यासमोर त्यांचा ट्रक उभा होता. जानकी पोरीला घेऊन निरोप द्यायला आली होती. अंगावर जरा मांस चढलेलं, गालावर रंग आलेला. मुंजाजीनं हात वर करून सांगितलं, "एक हाफ!"

चहा आला. त्यानं अर्धा बशीत ओतला. कप तिला, बशी त्याला. पोरीनं बशीत बोट बुडवलं, आणि तिघंही हसली.

त्यानं मला बघितलं. बशी हातात तशीच राहिली. मी मान हलवली — पी. गार होईल.

ट्रक निघून गेला. धाब्याच्या पोऱ्यानं विचारलं, "सिस्टर, हाफ का फुल?"

"फुल," मी म्हणाले.

आला. वाफाळता, गोड, काठोकाठ भरलेला. निम्मा प्याले… अन् उरलेला मला एकटीला काही केल्या संपेना.