गाव नसलेली बाई

करंट यायला अजून अवकाश हाय. मोटरीजवळ नुसतं बसून काय करायचं? सांगतो. पण लेका आदर्श, तू मधी हसायचं न्हाय. जिच्यावर हे गुदरलं ती आमच्या गल्लीतलीच, नागुआक्का.

संकेश्वराच्या अलीकडं आमचं गाव. माघात शिवेवरच्या आईची जत्रा असती. त्या रात्री आईला गावात बोलवायचं गाणं आक्का म्हणायची, सासूकडनं शिकलेलं. 'ये गं बाई, उंबरा धुतला. ये गं बाई, पाट मांडला.' ऐकताना अंगावर काटा यायचा. पण गाणं तिथं संपत न्हाय. पहाटं पाठवणी म्हणावी लागती. आईची ओटी भरायची आणि तिच्या गावाचं नाव घेऊन तिला परत लावायचं. 'जा गं बाई, तुझ्या माळाला जा.' ती पाठवणी होईस्तवर आक्का पाण्याचा घोटसुद्धा घ्यायची न्हाय. पाव्हण्याला बोलावलं की वाटंला लावायला जायचं, हे शेंबड्या पोरालाबी कळतं.

तिच्या भावाच्या पोराला कळलं न्हाय. सौरव त्याचं नाव. निपाणीत नवं घर बांधलंय, घरातच बसून कुठल्याशा कंपनीसाठी मोबाईलवरचे गेम बनवतो. त्यात त्यानं एक देश काढला. नसलेले डोंगर, नसलेल्या नद्या, एक देऊळ. देवळात देवी, तिचं नावबी ह्यानंच ठेवलेलं. मग देवीला गाणं नको व्हय? जत्रेत आक्काचं गाणं त्यानं मोबाईलवर घेतलेलं होतं, "जपून ठेवतो आत्या" म्हणून. त्यातलं आईचं नाव पुसलं आणि कॉम्प्युटरकडनं आक्काच्याच आवाजात आपल्या देवीचं नाव घातलं. पाठवणी लांबडी होती म्हणून कापून टाकली. नुसतं बोलावणं ठेवलं, आणि घरात दिवसदिवसभर तेच लावून बसायचा.

मला राग येतो. आजबी येतो. चोरायचं तर भांडी चोर, कोंबडी चोर. म्हातारीच्या गळ्यातली देवाची हाक काय चोरतोस?

गेल्या डिसेंबरची अठरा तारीख. गुरुवार, दुसऱ्या दिवशी मार्गशीर्षाची आवस. दिवेलागणीला सौरवची गाडी आली. "आत्या, आरोहीला बरं नाही. जरा चल." आरोही त्याची लेक, चार वर्षांची. आक्कानं तिच्यासाठी शेंगांचे लाडू बांधून घेतले आणि गेली. पुढचं तिनं मला सांगितलं तेच सांगतो, पदरचं काय न्हाय.

पोरगी कोपऱ्यात बसलेली. दोन दिवस तोंडात घास न्हाय. तिची आई रचना ताट घेऊन समोर, रडून रडून डोळे सुजलेले.

आक्का दारात आली, तशी पोरीनं तोंड उघडलं.

आवाज आक्काचा.

'ये गं बाई, उंबरा धुतला...' चार वर्षांच्या पोरीच्या तोंडातनं सत्तरीच्या बाईचा घोगरा आवाज. आणि मधी ते नवं नाव.

"मोबाईल बंद कर रं," आक्का म्हणली.

"बंदच आहे, आत्या. कालपासनं."

आक्कानं त्याची गचांडी धरली. "कुणाला बोलावलंस?"

"कुणाला नाही गं. ते नाव मी बनवलंय. तसं कुणी नसतंच."

"नाव खोटं असंल. हाक माझी होती की रं, मुडद्या! माझी हाक कधी वाया गेलीया व्हय?"

आक्कानं पदर खोचला. पोरीची ओटी भरली आणि पाठवणी म्हणायला बसली. पोरगी गप झाली. ऐकाय लागली. शेवटची ओळ आली.

'जा गं बाई, तुझ्या...'

आक्का थांबली.

"हिचं गाव कुठलं?"

सौरवनं त्या देशाचं नाव सांगितलं.

"वाट कुठनं हाय?"

सौरव रचनाकडं बघाय लागला.

"वाट कुठनं हाय, सांग की!"

"वाट नाही आत्या. ते कुठंच नाही."

पोरगी आक्काकडं बघत होती. पापणी हलत नव्हती. ओठ निळे पडाय लागले.

"आत्या, काहीतरी करा..." रचना पाया पडली.

आक्कानं पोरीला मांडीवर घेतलं.

मग म्हणली, 'जा गं बाई... माझ्या घरला जा.'

पोरीनं अंग टाकलं. जरा वेळानं डोळे उघडले, आणि रचनाकडं भाकरी मागितली.

पोरगी आता खुटखुटीत हाय. सौरवचा गेमबी बाजारात आला, गाणं तसंच घालून. म्हणे कंपनीनं ऐकलं न्हाय! त्या रातीला आक्काला गल्लीच्या तोंडाला सोडून गेला, तो परत फिरकला न्हाय. बोलावलं ह्यानं आणि बिऱ्हाड तिच्या गळ्यात.

माघातल्या जत्रेला आक्का गायली न्हाय. पंच हात जोडून आलते. म्हणली, "एकीला माझ्या आवाजानं बोलावलं, तिला माघारी लावता आलं न्हाय. आता आईला कुठल्या तोंडानं बोलावू?" यंदा जत्रा झाली ती आईशिवाय.

घराचं सांगायचं राहिलं.

त्या शुक्रवारी पहाटं मी दूध घेऊन गेलतो. आक्का बाहेर कट्ट्यावर, थंडीत कुडकुडत. हातात कुलूप, हातात किल्ली. म्हणलं, आक्का, आत का न्हाय गेलीस? तिनं दाराकडं बोट केलं. मी दार ढकललं. हललं न्हाय. परत ढकललं...

तवापासनं आक्का आमच्या सोप्यात झोपती. दार फोडू म्हणलं तर आडवी येती. "मी पाठवलंय तिला. आता तेच तिचं गाव."

आक्का एकटी राहणारी बाई. त्या घराला दुसरं दार न्हाय. आणि कडी आतनं लावलीया.