उजव्या कानातली चिमणी

"भूत असेल तर परवडलं," ती म्हणाली. "माणूस असेल तर ते माझ्या घरातलंच आहे."

मास्तरांनी हातातली कपबशी खाली ठेवली. शाळेत चित्रकला शिकवून निवृत्त झाल्यापासून ते शेजारच्या बाईंच्या शोधकामात लुडबुड करत आले होते. खोट्या सह्या, पळालेले नवरे, गायब दागिने, सगळं पाहून झालं होतं. पण समोर बसलेली ही पाहुणी त्यांच्या घरी रोज सकाळी रेडिओवर गायची, आणि अशी घाबरलेली मुळीच वाटायची नाही.

'चौघी' या गटाची ती म्होरकी. सगळे तिला ताईच म्हणत. ताई, मधली, चिमणी आणि धाकटी अशा या चार सख्ख्या बहिणी. आईवडिलांच्या माघारी ताईने तिघींना वाढवलं, गाणं शिकवलं आणि हात धरून स्टेजवर उभं केलं. दोन वर्षांपूर्वी चिमणी तापाचं निमित्त होऊन गेली. गटाचं नाव मात्र 'चौघी'च राहिलं.

"चिमणी गाते," ताई म्हणाली. "माझ्या उजव्या कानात."

बाईंनी खुर्ची पुढे ओढली. "कधी?"

"दोन महिने झाले. एकाच गाण्यात. शेवटच्या कडव्यात वरच्या सुरात एक लांब ओळ आहे, माझी. मी सूर लावला की ती येते. माझ्यापेक्षा केसभर वर असते. मला ओढून नेल्यासारखी. ये, ये, म्हटल्यासारखी." ताईने नकळत उजव्या कानावर हात ठेवला. "ती माझ्या उजव्या बाजूलाच उभी राहायची. मी तिचं मनगट दाबून तिला सूर द्यायची."

"गाताना सगळ्यांचे आवाज ऐकायला कानात यंत्र असतं ना तुमच्या?" मास्तरांनी विचारलं. "मग त्यात कुणीतरी तिचं जुनं रेकॉर्डिंग सोडत असणार. सोपं आहे."

"मलाही तेच वाटलं. म्हणून एकदा मी ती ओळ मुद्दाम ताणली. तिनेही ताणली. मी मध्येच तोडली, तर क्षणभरात तिनेही सोडली. मी कधी थांबणार हे रेकॉर्डिंगला कसं कळणार?"



"बहिणींना सांगितलंत?" बाईंनी विचारलं.

"नाही. पण पारख करून पाहिली. तालमीत धाकटीला म्हटलं, आज तू थांब, मला बाकीच्यांचं ऐकायचंय. तरी आवाज आला. दुसऱ्या दिवशी मधलीला थांबवलं. तरी आला." तिने बाईंकडे थेट पाहिलं. "परवाच्या कार्यक्रमात मी गट बंद झाल्याचं जाहीर करणार आहे. एकतर माझं डोकं फिरलंय, नाहीतर ज्यांना घास भरवून मोठं केलं त्यांच्यातलंच कुणीतरी मेलेल्या बहिणीचा आवाज काढून मला छळतंय. दोन्हीपैकी खरं काय, एवढं सांगा. मग मी मोकळी."

"उद्या तालीम आहे?"

"दुपारी."

"आम्ही मासिकाचे लोक म्हणून येतो," बाई म्हणाल्या. "मास्तरांना दाढी करून आणते."

दुसऱ्या दिवशी भर दुपारीही तालमीच्या हॉलमध्ये अंधार होता. रिकाम्या खुर्च्यांच्या रांगा मागे काळोखात विरून जात होत्या आणि कुठेतरी हवेचं यंत्र एकसुरी घुमत होतं. स्टेजवर चार माईक उभे होते. चौथ्यासमोर कुणी नव्हतं. त्या माईकची उंची मात्र कुणाच्या तरी ओठांना जुळवून ठेवलेली होती, आणि त्याच्याकडे बघताना मास्तरांना उगाच वाटलं, की आपण कुणाच्या तरी बोलण्यात व्यत्यय आणतोय.

मधली आतल्या खोलीत झग्याला टिकल्या शिवत बसली होती. बोटांत सुई, तोंडात दोरा.

"कंटाळा आलाय हो," ती हसत म्हणाली. "गाड्या, हॉटेलं, पुन्हा गाड्या. घरी बसून वरणभात खाल्ला तरी चालेल मला. पण ताई आहे तोवर सुटका नाही."

"गट बंद झाला तर?"

मधलीची सुई थांबली. "ताई मरेल," ती म्हणाली आणि पुन्हा टिकल्यांकडे वळली.

भिंतीवर चौघींचा जुना मोठा फोटो होता. बाई बोलत होत्या तोवर मास्तर त्याच्यापुढे जाऊन उभे राहिले. चित्रकलेच्या माणसाची नजर आधी हातांवर जाते.

"काय हात आलेत बघा," ते म्हणाले. "चिमणीचा अंगठा ताईंच्या मनगटावर कसा रुतलाय! शिरसुद्धा दिसते."

बाईंनी येऊन फोटो जवळून निरखला.

धाकटी पॅसेजमध्ये गरम पाण्याचे घोट घेत बसली होती. वयाने चोविशीची, पण ताईचा विषय निघाला की शाळकरी मुलीसारखी ताठ बसायची.

"घसा बसलाय?" बाईंनी विचारलं.

"वरचे सूर घसा खातात," ती म्हणाली.

"तुमची ओळ कोणती?"

"सगळ्यांत खालची. आधीपासून."

"पुढे उभं राहायला आवडेल? ताईंच्या जागी?"

धाकटीने भांडं खाली ठेवलं. "कुणाला आवडणार नाही? पण ती ताईची जागा आहे. ती तिचीच राहील. हे छापू नका हं."

बाहेर आल्यावर मास्तर कुजबुजले, "हीच. पुढे यायचंय, पोटात जळतंय."

"मास्तर, तुम्ही गुन्हेगार फार पटकन पकडता. सोडावाही तितक्याच पटकन लागतो," बाई म्हणाल्या.

हॉलच्या मागच्या टोकाला आवाजाचं टेबल होतं. तिथे मधलीचा नवरा बसायचा. ताई त्याला जावईबापू म्हणायची, धाकटी भावोजी. अबोल, हातात सतत स्क्रू ड्रायव्हर. टेबलावर वरखाली सरकणाऱ्या बटणांची रांग होती आणि प्रत्येक बटणाखाली चिकटपट्टीवर नाव लिहिलेलं. ताई. मधली. धाकटी. चौथ्या बटणाखालीही पट्टी होती. तिच्यावर निळ्या अक्षरात लिहिलं होतं, चिमणी.

"काढवत नाही," तो म्हणाला.

"बाकीच्या रिकाम्या बटणांवर धूळ आहे. हे मात्र चकचकीत दिसतंय," बाई म्हणाल्या.

"पुसतो मी. फोटो पुसावा तसं."

बाईंनी वाकून पाहिलं. पट्टीवरच्या नावावर धुळीचा पातळ थर होता. त्यांनी फक्त मान हलवली आणि म्हणाल्या, "ताईंच्या कानात जे जातं ते मला ऐकता येईल? वाचकांना फार उत्सुकता असते."

त्याने निमूटपणे जादा यंत्र काढून दिलं.

गाणं सुरू झालं. मास्तर तिसऱ्या रांगेत बसले. हे गाणं त्यांना तोंडपाठ होतं. त्यांचा आवाज वर चढत नसे, म्हणून रेडिओबरोबर ते नेहमी खालचीच ओळ गुणगुणत. आजही हळूच सुरू केलं. शेवटचं कडवं आलं, ताईचा लांब सूर निघाला, आणि मास्तर एकदम गप्प झाले.

बाई कानात यंत्र घालून टेबलाशी उभ्या होत्या. त्यांचा चेहरा पांढरा पडला होता. त्यांनी डावा कान मोकळा केला, मग उजवा, मग पुन्हा उजव्यात यंत्र घातलं.

गाणं संपल्यावर त्या येऊन मास्तरांशेजारी बसल्या. हातावर काटा आला होता, तो त्यांनी लपवला नाही. "आहे ती," त्या म्हणाल्या. "अगदी कानाला ओठ लावून गाते. डाव्या कानात नाही, फक्त उजव्या."

"अरे देवा!"

"तुम्ही गुणगुणता गुणगुणता का थांबलात?"

मास्तर ओशाळले. "आधार सुटला हो. खालची ओळ ऐकूच येईना. सगळं कडवं बरोबर चाललं होतं, नेमकी तेवढ्या जागी खालची बाजू रिकामी झाली. माझीच चूक असेल."

बाई त्यांच्याकडे बघतच राहिल्या. "मास्तर," त्या सावकाश म्हणाल्या, "तुमच्या बेसूर गळ्याला मी आजपासून नावं ठेवणार नाही."

त्या उठल्या आणि स्टेजवर जाऊन ताईच्या कानात काहीतरी बोलल्या. ताईने दचकून पाहिलं, मग मान डोलावली. बहिणी तिच्या एक पाऊल मागे उभ्या होत्या, त्यांना काही दिसलं नाही.

तेच कडवं पुन्हा सुरू झालं. ती लांब ओळ आली. हॉलभर सूर पसरला, स्वच्छ, भरदार, रेडिओवर येतो तसाच.

आणि ताईचे ओठ मिटलेले होते.

ताई तोंड मिटून उभी होती आणि ताईचा सूर हॉलमध्ये गात होता. तिने मागे वळून पाहिलं. मधलीची नजर जमिनीवर होती. धाकटीचं तोंड उघडं होतं, आणि ताईचे डोळे दिसताच ते मिटलं. सूर तुटला.

"थांबा सगळे," बाई म्हणाल्या. "जावईबापू, तुम्हीही या."

चौघं स्टेजवर जमले. रिकामा माईक त्यांच्या मधोमध आला, तरी तो बाजूला करायला कुणी धजलं नाही.

"आम्ही मासिकाचे नाही," बाईंनी सुरुवात केली. "ताईंना कानात चिमणी ऐकू येते. गेले दोन महिने. त्याचा शोध घ्यायला त्यांनी मला बोलावलं."

"काय?" मधली किंचाळली. धाकटीने दोन्ही हात तोंडावर नेले. जावईबापूंच्या हातातला स्क्रू ड्रायव्हर फळीवर पडून घरंगळत गेला.

"हा धक्का खरा आहे, ताई. यातल्या कुणालाही तुम्हाला छळायचं नव्हतं. तुम्हाला काय ऐकू येतं हे त्यांच्या गावीही नव्हतं. रेकॉर्डिंग नाही हे तुम्हीच सिद्ध केलंत. म्हणजे गाणारा गळा जिवंत. पण धाकटी गप्प असताना आवाज आला, मधली गप्प असतानाही आला. म्हणून तुम्ही ठरवलं, की दोघीही नव्हेत. खरं तर दोघीही होत्या. एक गप्प असली की दुसरी गायची."

"मग मला चार आवाज कसे ऐकू आले?"

"चार कधी नव्हतेच. ते मास्तरांना कळलं. चौथा आवाज आला की खालचा जायचा. धाकटी आपली ओळ सोडून वर जायची. जिची ओळ सगळ्यांत खालची, तिला वरच्या सुरांनी घसा दुखल्याची तक्रार का असावी?"

"पण कशासाठी?" ताईचा आवाज चढला. "माझी ओळ मी गातेय ना!"

आता पुढचं बोलणं बाईंच्याही जिवावर आलेलं मास्तरांना दिसलं.

"तुम्ही म्हणालात, ती माझ्यापेक्षा केसभर वर गाते. ती वर नाही, ताई. ती जागेवर आहे. खाली तुम्ही आहात."

मधलीने धाकटीचा हात धरला.

"तुम्ही चिमणीचं मनगट दाबून सूर द्यायचात, असं तुम्ही सांगितलंत. फोटोत अंगठा चिमणीचा आहे आणि मनगट तुमचं. तुम्ही तिघींना शिकवलंत, पुढे उभ्या राहिलात, सगळं खरं. पण त्या एका ओळीत सूर ती धरायची आणि तुम्ही तिच्या आधाराने चढायचात. हे तुमच्याही ध्यानात आलं नव्हतं. ती गेली आणि आधार गेला."

"आधी आम्ही नुसत्या मोठ्याने गायचो," मधली रडत म्हणाली. "झाकलं जायचं. मग हॉल मोठे झाले."

"म्हणून त्या ओळीपुरता तुमचा माईक फक्त हॉलसाठी बंद व्हायला लागला," बाई म्हणाल्या, "आणि जी वर जाईल तिचा आवाज एका मोकळ्या बटणावर यायला लागला. मायेने पुसणारा माणूस आधी नाव पुसतो, जावईबापू. नावावर धूळ आणि बटण चकचकीत, याचा अर्थ ते रोज सरकतंय."

"तेवढं एकच जोडलेलं होतं," तो पुटपुटला. "बाकीच्या रिकाम्या बटणांच्या वायरी काढल्या होत्या. चिमणीची काढवली नाही."

"आणि ती वायर अजून कुठे जाते, ते विसरलात. चिमणीचा आवाज ताईंच्या उजव्या कानात द्यायची सोय तुम्हीच केली होती. तिथे तिच्याशिवाय दुसरं कुणी कधी गायलंच नव्हतं. एकाच घरातले गळे. ताईंनी दुसरं काय समजावं?"

ताई बहिणींकडे वळली. "मला सांगायला जीभ नव्हती तुम्हाला?"

"तुला बेसूर म्हणायचं?" धाकटी हुंदके देत म्हणाली. "ताई, तू आम्हाला बोलायला शिकवलंस. कसं म्हणणार? आणि तू घाबरतेयस, हे तू तरी कुठे सांगितलंस?"

ताईने त्या रिकाम्या माईकवर हात ठेवला. मग बाईंना म्हणाली, "म्हणजे ती नव्हतीच."

"नव्हती."

"मला फार भीती वाटायची हो. रात्र रात्र डोळा लागायचा नाही." तिने पदराचं टोक मुठीत धरलं. "पण येत होती, असं वाटायचं. आज ती दुसऱ्यांदा गेली."

मास्तरांनी चष्मा काढून उगाच पुसला. उलगडा झाल्यावर लोक सुस्कारा टाकतात, हेच त्यांनी आजवर पाहिलं होतं.

ताईने पदराने डोळे कोरडे केले. "जावईबापू, माझा माईक चालू ठेवा. चुकले तर चुकलेली ऐकू जाऊ दे. आणि धाकटे, अशी ये, इथे उभी राहा."

धाकटी दचकली. "तिच्या जागी?"

"किती दिवस मोकळी ठेवायची? अंगठा ठेव माझ्या मनगटावर. चांगला दाब."

कडवं पुन्हा सुरू झालं. लांब ओळ आली आणि ताईचा उघडा सूर हॉलमध्ये पडला, केसभर खाली, ऐकणाऱ्याला लाज वाटावी असा. धाकटीने अंगठा रुतवला आणि वरचा सूर हलकेच धरला. ताईचा आवाज थरथरला, चाचपडला, आणि हळूहळू वर चढून जागेवर बसला. तो बसलेला कळताच धाकटी आपल्या खालच्या ओळीवर उतरली.

तिसऱ्या रांगेत मास्तरांना आधार सापडला. ते गुणगुणू लागले आणि बाईंनी त्यांना अडवलं नाही.

गाणं संपलं तरी ताईने मनगट सोडवून घेतलं नाही. मोकळ्या हाताने तिने उजव्या कानातलं यंत्र काढलं आणि तशीच मान कलती करून थोडा वेळ ऐकत उभी राहिली. मग ते जावईबापूंच्या हातात दिलं.

"उद्या वेळेवर या सगळे," ती म्हणाली. "कार्यक्रम आहे."