प्रेसशॉपमधली शांतता

हे खरंच घडलंय. आमची ताई थापा मारणाऱ्यातली नाही, आणि मॅनेजरचा चेहरा दिग्दर्शकानेही पाहिलाय.

रात्रीची गोष्ट नाही. भर दुपारची, कारखान्याच्या जेवणाच्या सुट्टीतली.

ताई माझी मावसबहीण. माहितीपटांसाठी आवाज रेकॉर्ड करते. एका कारखान्याने आपल्या आधुनिकीकरणावर फिल्म काढायला घेतली, आणि ताईने ते काम मागून घेतलं. तिचे बाबा तिथल्याच पत्रा दाबायच्या जुन्या प्रेसवर अपघातात गेले होते. हे तिने तिथे कुणालाच सांगितलं नाही.

त्या प्रेसवर दोघं लागत. एकाने पत्रा सरकवायचा, दुसऱ्याने पेडल दाबायचं. पेडलवाला आधी ओरडणार, "हात?" पत्रेवाल्याने "बाहेर!" म्हटल्याशिवाय पेडलला पाय लावायचा नाही.

बाबा गेले त्या दिवशी ते पत्र्यावर होते आणि पेडलवर सुपरवायझर होता. आता तोच मॅनेजर. "बाहेर म्हणाला आणि पुन्हा हात घातला," असा जबाब त्याने दिला. तेव्हापासून मावशी एका निष्काळजी माणसाची बायको झाली.

फिल्मसाठी रिकाम्या जागेची शांतताही रेकॉर्ड करावी लागते. आवाजातले जोड झाकायला ती लागते.

"तू शांतता भरून घे, आम्ही पोट भरतो," म्हणत दिग्दर्शक गेला.

मशिनं बंद. पंखेही बंद. ताईने हेडफोन लावले.

आधी काहीच नाही...

मग कुणीतरी म्हणालं, "हात?"

तिने वर पाहिलं. शॉपमध्ये चिटपाखरू नव्हतं.

ती श्वास रोखून उत्तराची वाट पाहत राहिली.

उत्तर आलं नाही...

आणि प्रेसचा दणका.

समोरची प्रेस जागची हललीही नव्हती. तिची वायर केव्हाच कापलेली.

मॅनेजर आणि दिग्दर्शक जेवून आले. ताईने रेकॉर्डिंग पुन्हा लावून हेडफोन मॅनेजरच्या हातात दिले.

ऐकता ऐकता तो पांढराफटक पडला.

"म्हणाला होता तो... बाहेर म्हणाला होता," तो पुटपुटला. "हे पुसून टाका, मॅडम."

ताईने पुसलं नाही. तडक घर गाठलं.

"आई, ऐक. बाबा बोललेच नव्हते गं!"

मावशीने डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकलं.

"यात काहीच नाही गं. नुसती शांतता. कशाला जुनं उकरून काढतेस?"

मी भौतिकशास्त्र शिकलेली. फाइल घेतली आणि आवाजाचा आलेख काढला. सपाट रेघ. एकही ठोका नाही.

फिल्म पूर्ण झाली. तिच्यात मॅनेजर कामगारांच्या सुरक्षिततेवर बोलतो. त्याच्या दोन वाक्यांमध्ये तीच शांतता जोडलीय.

"आलेख काय बघतेस? एकदा ऐक ना," ताई मला अजून म्हणते.

मी आलेख कितीदा तरी काढला...

हेडफोन मात्र अजून लावलेले नाहीत.