सासूबाईंचा शॉट

विश्वास ठेवायचा तर ठेवा, पण यातलं काही मी रचलेलं नाही. गेल्या मे महिन्यात, गारखेड्यातल्या आमच्या फ्लॅटमध्ये हे घडलं.

तेही भर दुपारी...

माझे मिस्टर, गोकुळ, हे सिनेमाचे एडिटर. वर्षानुवर्षं डोळे फोडून घेतले यांनी आणि नाव झालं दुसऱ्यांचं. मग पोलंडच्या एका दिग्दर्शकाचं काम मिळालं. त्याचं शूटिंग दौलताबादला होतं. गर्दीत गावाकडची माणसं हवी होती, म्हणून यांनी पिशोरहून आपल्या आईलाच आणून उभं केलं.

शॉट साधा होता. सासूबाई किल्ल्याच्या दरवाजाकडे चालत जातात... आणि शेवटी मागे वळून थेट कॅमेऱ्यात बघतात.

सिनेमात असं बघणं चालत नाही. आता घरी बसून यांना तेवढं कापायचं होतं.

त्याच आठवड्यात सासूबाईंनी अंथरूण धरलं. धाकट्या दिराचा, बन्सीचा फोन आला.

"वहिनी, आईनं दाराकडं डोळे लावलेत. दादाला म्हणावं, एकदा तोंड दाखवून जा."

हे म्हणाले, एवढं काम संपवतो, मग निघू. दोन तासांचा तर रस्ता! मला संताप आला.

यांनी वळायच्या आधी शॉट कापला. परत चालवून बघितला...

सासूबाई आधीच वळल्या.

यांना वाटलं, आपलीच नजर चुकली. आणखी अलीकडे कापला.

त्या आणखी लवकर वळल्या.

खोलीत फक्त माउसची टिकटिक. मी यांच्या मागेच उभी होते.

"बंद करा ते. आत्ताच्या आत्ता पिशोरला निघू."

यांनी मान हलवली, पण हात थांबला नाही. कापत गेले... कापत गेले...

शेवटी शॉटच उरला नाही.

तेवढ्यात फोन वाजला. बन्सी रडत होता.

"गेली आई. शेवटपर्यंत मान वळवून बघायली होती, वहिनी. दादा आला का म्हणून."

सिनेमा पूर्ण झाला, यांचं नावही पडद्यावर आलं. हे बघायला गेले नाहीत. यांच्याकडे तो मूळ शॉट आहे, न कापलेला. रोज तोच लावून बसतात. सासूबाई चालत जातात... दरवाजातून आत शिरतात... अंधारात दिसेनाशा होतात.

आता त्या वळतच नाहीत.

"आई, एकदा बघ ना," हे म्हणतात, आणि पुन्हा पहिल्यापासून लावतात.